ओरिजिनलमध्ये कुठली देऊ?

कॅमेऱ्याच्या दुकानात माणसाचा स्वभाव दोन खेपांत कळतो. पहिल्या खेपेला तो कॅमेरा घेतो. नव्वद हजार हा आकडा ऐकून त्याची भुवईसुद्धा हलत नाही. उलट तो म्हणतो, "ती दुसरी लेन्सही दाखवा." मग हप्त्यांची चौकशी करतो, पिशवी फुकट मिळणार का हे दोनदा विचारतो आणि बाहेर येऊन बायकोला फोनवर साठ हजार सांगतो. दुसरी खेप साधारण वर्षभराने येते. आता त्याला फक्त एक जादा बॅटरी हवी असते. दुकानदार सांगतो, "कंपनीची साडेसहा हजार." आणि वर्षापूर्वी नव्वद हजार हसत मोजणाऱ्या याच गृहस्थाच्या अंगात एकदम अर्थशास्त्र संचारतं.

"साडेसहा हजार? एवढ्याशा डबीला?"

दुकानदाराला हे वाक्य पाठ असतं. तो नम्रपणे काउंटरखाली हात घालतो आणि म्हणतो, "मग साहेब, लोकल देऊ का? बाराशे." साहेब लगेच ताठ होतात. नव्वद हजारांच्या कॅमेऱ्यात लोकल? "छे छे, ओरिजिनलच द्या." त्यावर दुकानदार जो प्रश्न विचारतो, त्यावर खरं म्हणजे तर्कशास्त्राच्या प्राध्यापकांनी एखादं चर्चासत्र घ्यायला हवं. तो विचारतो, "ओरिजिनलमध्ये कुठली देऊ?"

आपल्या बाजारात ओरिजिनलमध्ये पोटजाती आहेत. एक बिलासकट ओरिजिनल. एक बिलाशिवाय ओरिजिनल. एक खोका नसलेली ओरिजिनल, जी म्हणे कुणाच्या तरी नव्या कॅमेऱ्यातून निघालेली असते. आता नव्या कॅमेऱ्यातून बॅटरी काढून विकणारा तो दानशूर स्वतः फोटो कसे काढतो, हे कुणी विचारत नाही. एक सेम टू सेम ओरिजिनल. आणि एक फर्स्ट कॉपी. यांतली शेवटची मला सर्वांत सोज्वळ वाटते, कारण तिच्या नावातच कबुलीजबाब आहे. या साऱ्यांच्या किमती साडेसहा हजारांपासून सातशेपर्यंत खाली उतरत येतात आणि प्रत्येक पायरीवर दुकानदार एकच वाक्य म्हणतो, "चालते हो, अजून कुणाची कंप्लेंट नाही." कंप्लेंट असलेलं गिऱ्हाईक परत त्याच दुकानात बॅटरी घ्यायला येत नाही, हा त्यातला बारकावा.

पूर्वी हा ताप नव्हता. डिजिटल कॅमेऱ्यांच्या सुरुवातीच्या काळात बरेचसे साधे कॅमेरे डबल ए सेलवर चालत. भिंतीवरच्या घड्याळातला काय, रेडिओतला काय, सेल तोच. सहलीत संपले तर पानपट्टीवर मिळायचे. ज्याला फार हौस, तो चार्ज होणारे घ्यायचा. २००५ साली सान्योने एनेलूप आणले, तेव्हा चार्ज करून खणात ठेवलेले सेल महिन्या-दोन महिन्यांनीही भरलेले सापडायला लागले आणि हौशी मंडळींचे डोळे पाणावले. त्या सेलचं माप साऱ्या जगाने मान्य केलेलं होतं. कुठल्याही कंपनीचा सेल कुठल्याही कॅमेऱ्यात बसायचा आणि कॅमेरा त्याला 'तू कुणाचा' असं विचारत नसे.

मग कॅमेऱ्यांत लिथियम आयन बॅटरी आली. सोनीने १९९१ मध्येच ती पहिल्यांदा बाजारात आणली होती. वजनाला हलकी, ताकदीला दणकट. तिचा पाया घालणाऱ्या जॉन गुडइनफ, स्टॅन्ली व्हिटिंगहॅम आणि अकिरा योशिनो यांना २०१९ मध्ये रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. गुडइनफ तेव्हा ९७ वर्षांचे होते. इतक्या वयात नोबेल घेणारे ते पहिलेच. बॅटरीवर काम करणारा माणूस एवढा टिकला, हे बॅटरी वापरणाऱ्यांनी जरूर लक्षात ठेवावं. विज्ञानाने आपलं काम चोख केलं. पुढचं कंपन्यांनी केलं: प्रत्येकीने आपल्या बॅटरीला वेगळा आकार दिला, वेगळी खाच दिली आणि पत्नीला सांगताना हमखास चुकेल असं नाव दिलं. कॅननची एलपी-ई६, एलपी-ई८, एलपी-ई१०, एलपी-ई१७. निकॉनची ईएन-ईएल१४, ईएन-ईएल१५. सोनीची एनपी-एफडब्ल्यू५०, एनपी-एफझेड१००. भावाला फोन करून "येताना एलपी-ई सतरा आण" सांगावं, तर तो दहा घेऊन येतो. आणि ती अर्धी आत जाऊन अडकते.

त्या डबीत असतं तरी काय? बहुतेक मोठ्या कॅमेऱ्यांच्या बॅटरीत दोन सेल एकामागे एक जोडलेले असतात. प्रत्येक साधारण ३.६ व्होल्टचा, म्हणून डबीवर ७.२ लिहिलेलं दिसतं. शेजारी नखाएवढं एक सर्किट. सेल ४.२ व्होल्टच्या वर भरू लागला की चार्जिंग तोडायचं, फार रिकामा होऊ लागला की पुरवठा तोडायचा, दोन टोकं चुकून जुळली की सारंच तोडायचं, हे त्याचं काम. म्हणजे घरातल्या आजीचं. बरोबर एक तापमान बघणारा पुर्जा. आणि नव्या बॅटऱ्यांत एक चिप, जी कॅमेऱ्याशी बोलते: इतके टक्के उरले, या चार्जवर इतके फोटो झाले, तब्येत तीन हिरव्या पट्ट्यांची आहे की एका लाल पट्टीची.

साडेसहा हजारांत हे सगळं येतं. त्यातली काही रक्कम चांगल्या सेलची, काही सर्किटची, काही तपासणीची आणि उरलेली, माझ्या मते बरीचशी, 'तुम्ही जाणार कुठे?' या प्रश्नाची. बाराशेच्या बॅटरीवाल्याला तो प्रश्न विचारता येत नाही, म्हणून ती बाराशेला पडते. काही बाहेरच्या कंपन्या खरोखर चांगले सेल घालतात, सर्किट नीट लावतात, चिपची भाषाही बऱ्यापैकी शिकतात. काहींना मात्र पैसे वाचवायला सर्वांत सोपी जागा सापडते ती सर्किटचीच, कारण ते बाहेरून दिसत नाही आणि रोज उपयोगी पडत नाही.

बाहेरून दिसतो तो क्षमतेचा आकडा. इथे मराठी भाषेतल्या अतिशयोक्ती अलंकाराचा साऱ्या जगाने स्वीकार केलेला आहे. कॅननची एलपी-ई६ २००८ मध्ये फाइव्ह डी मार्क टू या कॅमेऱ्याबरोबर आली, तेव्हा तिच्यावर १८०० मिलिअँपिअर-तास लिहिलं होतं. सहा वर्षांनी सुधारून आलेली एलपी-ई६एन १८६५ ची. २०२० ची एलपी-ई६एनएच २१३० ची. म्हणजे जपानमधल्या एवढ्या मोठ्या कंपनीला, त्याच डबीत, बारा वर्षांत मिळून ३३० वाढवता आले. आणि आपल्या काउंटरवरची बाराशेची बॅटरी तेवढ्याच डबीत २६०० घेऊन बसलेली असते. दुसरीवर ३००० असतं. दुकानदाराला विचारलं तर तो म्हणतो, "ही जास्त पॉवरवाली आहे." हे खरं असतं, तर तिच्या कारखानदाराला पुढचं नोबेल कधीच मिळालं असतं.

गणित ज्यांना आवडतं त्यांच्यासाठी एक गंमत आहे. डबीवर वॉट-तासही छापलेले असतात. मिलिअँपिअर-तासांना हजारने भागायचं आणि व्होल्टने गुणायचं. १८०० आणि ७.२, उत्तर साधारण १३. खऱ्या एलपी-ई६ वर १३ च लिहिलेलं असतं. आता हाच हिशेब संशयास्पद डबीवर करा. पुष्कळदा तिथे आकडे एकमेकांशी बोलत नसतात. वर २६००, खाली १३ वॉट-तास. एक आकडा गिऱ्हाइकासाठी, एक कॉपी करताना तसाच राहून गेलेला. एवढा पाढा दुकानात मनातल्या मनात म्हणता आला, तरी सातशे रुपये वाचतात.

कॅमेराही आपल्या परीने चौकशी करतो. कॅननच्या अनेक कॅमेऱ्यांना बॅटरीची ओळख पटली नाही, की पडद्यावर प्रश्न येतो: या बॅटरीवर कॅननचा लोगो आहे का? खाली हो आणि नाही. हा प्रश्न ज्याने लिहिला, तो सज्जन माणूस असावा आणि त्याने आयुष्यात कधी बाजार केलेला नसावा. बनावट बॅटरीवर लोगो हमखास असतो, तोही खऱ्यापेक्षा जरा ठळक. आणि जी बिचारी स्वतःच्या नावाने, स्वतःच्या खोक्यात, स्वतःच्या वॉरंटीसह विकली जाते, तिच्यावर तो नसतो. म्हणजे खरं बोलणाऱ्याला या परीक्षेत इशारा ऐकावा लागतो आणि चोर मान उंच करून 'हो' म्हणू शकतो. आमच्या मेहुण्याने हा प्रश्न पहिल्यांदा पाहिला तेव्हा तो गोंधळून म्हणाला, "दाजी, लोगो आहे की नाही हे याला कशाला सांगायचं? बॅटरी याच्याच पोटात आहे ना!"

निकॉनने प्रश्न विचारण्याचीही तसदी घेतली नाही. २०१३ च्या सुमारास डी३१००, डी३२००, डी५१०० अशा कॅमेऱ्यांसाठी त्यांनी नवं फर्मवेअर, म्हणजे कॅमेऱ्याच्या आतलं सॉफ्टवेअर, काढलं. लोकांनी ते भक्तिभावाने भरलं आणि काल रात्रीपर्यंत सुखाने नांदणाऱ्या बाहेरच्या ईएन-ईएल१४ बॅटऱ्या सकाळी कॅमेऱ्याला ओळखू येईनाशा झाल्या. तेव्हापासून आमच्या ओळखीतले जुने फोटोग्राफर फर्मवेअरचं नाव काढलं की ताकसुद्धा फुंकून पितात. बाहेरची बॅटरी वापरणाऱ्याने एक पथ्य पाळावं: अपडेट करण्याआधी दुसऱ्या कुणाला तरी करू द्यावं.

कंपनीची म्हणजे सोवळ्यातली, असंही समजू नये. याच निकॉनने २०१२ मध्ये स्वतःच्याच ईएन-ईएल१५ बॅटऱ्यांपैकी काही परत मागवल्या होत्या. आतल्या आत शॉर्ट होऊन तापण्याचा आणि डबी वाकडी होण्याचा धोका होता. लॉट क्रमांकातलं नववं अक्षर ई किंवा एफ असेल तर बदलून देऊ, असं त्यांनी जाहीर केलं. आता फरक इथे आहे बघा. चूक कंपनीचीही होते. पण तिच्याकडे नववं अक्षर असतं. कुठली बॅटरी कुठल्या दिवशी कुठून निघाली हे तिला ठाऊक असतं आणि तुमच्यासमोर येऊन 'द्या परत' म्हणण्याइतका पत्ता तिला असतो. 'सेम टू सेम ओरिजिनल'च्या कारखान्यात काही बिघडलं, तर ती बातमी आपल्याला खिशातूनच कळणार.

म्हणून ओरिजिनल की लोकल हा वाद मला नेहमी चुकीच्या जागी चाललेला वाटतो. मे महिन्यात कर्नाटकी आंबा कर्नाटकी म्हणून विकायला ठेवला, तर त्यात गैर काहीच नाही. स्वस्त असतो, रसाला उत्तम. भांडण आहे ते देवगडच्या पेटीत बसलेल्या कर्नाटकी आंब्याशी. बाहेरची कंपनी आपलं नाव छापून, सहा महिने-वर्षाची वॉरंटी देऊन बॅटरी विकते, तेव्हा ती म्हणते, 'बिघडली तर मला शिव्या द्या.' बनावट कॅनन आणि बनावट सोनी विकणारा म्हणतो, 'बिघडली तर त्यांना शिव्या द्या.' आणि आपण खरंच देतो. मेहुण्याच्या मित्राने सोळाशेला घेतलेली 'कंपनीची' बॅटरी दोन महिन्यांत मेली, तेव्हापासून तो लग्नाकार्यात भेटेल तिथे जपानची गुणवत्ता घसरल्याचं सांगत फिरतो.

आमच्या आळीत लग्नाचे फोटो काढणारे एक काका आहेत. त्यांच्या पिशवीत बॅटऱ्यांची वर्णव्यवस्था आहे. प्रत्येक बॅटरीवर मार्करने क्रमांक आणि विकत घेतल्याचा महिना. कंपनीच्या दोन, त्या मुहूर्ताला. हळद, मेंदी, वरात, जेवणावळी, रुसलेली आत्या, यांना बाहेरच्या. मी विचारलं, "काका, एवढा भेदभाव का?" ते म्हणाले, "वरमाला परत घालायला सांगता येते, आणि आम्ही सांगतोच. पण अंतरपाट दोनदा धरत नाहीत." बाहेरच्या बॅटरीबद्दल त्यांची तक्रार दमाची नाही, टक्केवारीची आहे. ती साठ टक्के दाखवते, साठच दाखवत राहते, आणि मामा मुलीला घेऊन यायला लागला की एकदम लाल होते. मध्ये चाळीस नाही, वीस नाही. त्यामुळे बाहेरची बॅटरी कॅमेऱ्यात असेल, तर आकड्याकडे न बघता घड्याळाकडे बघून बदलायची, असा त्यांचा नेम आहे.

त्यांनी दाखवलेली आणखी एक गोष्ट मी पुढे अनेकांना दाखवली आणि अनेकांचे चेहरे बघितले. कॅननच्या या बॅटऱ्यांबरोबर प्लास्टिकचं झाकण येतं. त्याला बॅटरीच्या आकाराची एक खिडकी असते. झाकण एका बाजूने लावलं की खिडकीतून निळा रंग दिसतो, फिरवून लावलं की दिसत नाही. निळी दिसली तर भरलेली, नाही तर रिकामी, एवढा साधा संकेत. दहा-दहा वर्षं कॅमेरा वापरणारे लोक ते झाकण पहिल्याच दिवशी हरवतात आणि मग पिशवीतल्या तिन्ही बॅटऱ्या जिभेला लावून बघाव्या तशा कॅमेऱ्यात घालून बघत बसतात.

जादा बॅटरी लागते तरी कुणाला, हाही एक विषय आहे. माहितीपत्रकात एका चार्जवर इतके फोटो असं लिहिलेलं असतं. ते मोजण्याची जपानी रीत आहे: दर तीस सेकंदांनी एक फोटो, फ्लॅश असेल तर एकाआड एक फोटोला तो, आणि दर दहा फोटोंनी कॅमेरा बंद करून पुन्हा चालू. असा फोटो जगात कुणी काढत नाही. ताडोबात मेहुणा बटणावर बोट ठेवतो ते वाघ झाडीत जाईपर्यंत उचलत नाही. त्याचे एका बॅटरीत हजारांच्या वर निघतात, त्यांत वाघ एक आणि शेपट्या पुष्कळ. उलट आमच्या आत्याचे यजमान काढतात वीस फोटो आणि मागच्या पडद्यावर ते गाडीतल्या प्रत्येकाला मोठे करून दाखवतात. दुपारी बारालाच त्यांची बॅटरी संपते आणि ते कंपनीला नावं ठेवतात. त्यांना दुसरी बॅटरी घेऊन देण्यापेक्षा दुसरा श्रोतृवर्ग मिळवून देणं स्वस्त पडेल.

लडाखला जाणाऱ्यांची गोष्ट वेगळी. थंडीत लिथियम बॅटरी आखडते. तिथे ओरिजिनल आणि लोकल दोघीही सारख्याच कुडकुडतात. जादा बॅटरी स्वेटरच्या आतल्या खिशात ठेवावी, अंगाची ऊब मिळाली की ती पुन्हा जागी होते. आणि विमानात जाताना सुट्या बॅटऱ्या हातातल्या पिशवीत ठेवाव्या लागतात, सामानात टाकता येत नाहीत. टोकांवर ते झाकण असलं तर उत्तम, म्हणजे हरवलं नसलं तर.

एक विसंगती मात्र मला कधीच उलगडलेली नाही. पुष्कळ खटाटोप करून, बिल घेऊन, होलोग्राम तिरका-तिरका करून बघून माणूस खरी बॅटरी घरी आणतो आणि ती कुठल्याशा निनावी, तीनशे रुपयांच्या, दोन बॅटऱ्या एकदम भरणाऱ्या चार्जरमध्ये घालून झोपायला जातो. चार्जिंग कधी थांबवायचं हे चार्जरनेही ठरवायचं असतं. बॅटरीच्या बाबतीत ज्यांना चिपपासून चिपकण्यापर्यंत सारं कळतं, त्यांना चार्जरचा संशय म्हणून येत नाही.

तर घ्यावी कुठली? ज्याच्या फोटोवर दुसऱ्याचा मुहूर्त अवलंबून आहे, त्याने कंपनीची घ्यावी, अधिकृत विक्रेत्याकडून, बिलासकट. साडेसहा हजार त्या मानाने काही नाहीत. बाकी आपल्यासारख्यांना कॅमेऱ्याबरोबर आलेली एक आणि नावाजलेल्या बाहेरच्या कंपनीची एक, एवढं पुष्कळ. अशा बॅटऱ्यांना भारतात भारतीय मानक ब्युरोची नोंदणी सक्तीची आहे. डबीवर आयएस १६०४६ आणि 'आर'ने सुरू होणारा क्रमांक शोधावा, आणि तो बीआयएस केअर या ॲपवर टाकून बघावा. दुकानदार तोवर चहा सांगतो. त्याने चहाऐवजी विषय बदलला तर निघावं. आणि कंपनीचं नाव लावलेली बॅटरी निम्म्या किमतीत मिळत असेल, तर कितीही कंप्लेंट नसली तरी नमस्कार करून बाहेर पडावं.

जाता जाता खणात एकदा बघा. जुनी एखादी बॅटरी फुगून बसली असेल. ती कॅमेऱ्यात घालू नका. आत गेली तर बाहेर येत नाही, आणि स्क्रूड्रायव्हरने काढायला जाऊ नका. चार्जही करू नका, ओल्या कचऱ्यात टाकू नका आणि सुक्यातही नको. २०२२ च्या नियमांनुसार वापरून झालेल्या बॅटऱ्या गोळा करण्याची जबाबदारी त्या बनवणाऱ्यांवर आणि आयात करणाऱ्यांवर आहे. तेव्हा पुढची घेताना तरी अशी घ्या, की परत कुणाला द्यायची हे तिच्या अंगावर लिहिलेलं असेल.